बाविसावा दिवस

वालूरला नांदायला गेले तेव्हा मला पंधरावं सरलं होतं. माझ्या अंगाचे दिवस मी मोजायचे नाहीत, ते सासूबाई मोजणार, हे मला पहिल्याच महिन्यात कळलं.

चार दिवस बाहेर बसले, पाचव्या दिवशी न्हाऊन घरात आले. सासूबाईंनी मामंजींच्या पानाच्या डब्यातला चुना बोटाला घेतला आणि स्वयंपाकघराच्या दारामागं भिंतीवर पाच ठिपके दिले. दुसऱ्या दिवशी सकाळी सहावा दिला. मला वाटलं, कसला तरी नवस असेल. पाणी भरायला येणारी बाई घागर उतरवता उतरवता हसली आणि म्हणाली, "धाकल्या मालकीणबाई, आज तुमची सहावी हाय की."

हे असं सगळ्यांना ठाऊक असायचं. पाणकीला, गोठ्यातल्या गड्याच्या बायकोला, ओसरीवर पान लावत बसलेल्या मामंजींनासुद्धा. घरात मामंजी होते, पण त्यांचं राज्य त्या पानाच्या डब्यापुरतंच. बाकी सगळं सासूबाईंच्या हातात होतं.

सासूबाईंना गावच्या जोशीबुवांनी सांगितलेला हिशेब असा की बाईचे ऋतूचे दिवस सोळा. पहिले चार विटाळाचे. पुढच्या बारांत सम दिवस लेकाचे आणि विषम दिवस लेकीचे. सोळाव्यानंतर फूल मिटतं, मग पुरुषानं बी वाया घालवू नये. म्हणून सहावा, आठवा, दहावा, बारावा, चौदावा आणि सोळावा एवढे सहा दिवस मला मधली खोली मिळायची. खोलीची किल्ली सासूबाईंच्या कमरेला. सतराव्या दिवशी माझ्या मालकांचं अंथरूण शेतातल्या आखाड्यावर, रानातल्या झोपडीत जायचं, ते माझा पुढचा विटाळ येऊन जाईपर्यंत तिकडंच. माणसांनी भरलेल्या त्या घरात आम्ही दोघं एकमेकांशी बोलायचो तेसुद्धा त्या सहा दिवसांतच.

"आज बारावी हाय. डोक्याला तेल लाव," असं सासूबाई निंदणाच्या बायांसमोर म्हणायच्या. बाया खाली बघून हसायच्या. मी पदर पुढं ओढायचे. मालक जेवत असले तर ताटात बघून "हूं" म्हणायचे.

माझे मालक वाईट नव्हते. हे मी आजही म्हणते, आणि म्हणताना जीभ कडू होते. माझ्यापेक्षा आठ-नऊ वर्षांनी मोठे, बोलायला मऊ. गाय हंबरली की आवाजावरून ओळखायचे, ही माजावर आली, उद्या वळू बघावा लागेल. जनावराचं त्यांना इतकं कळायचं. बायकोचं मात्र ते आईला विचारायचे.

माझं अंग पहिल्यापासून उशिराचं. दुसऱ्या बायका अठ्ठाविसाव्या-तिसाव्या दिवशी बाहेर बसायच्या, मी पस्तिसाव्या, छत्तिसाव्या, कधी सदतिसाव्या. त्यामुळं दर महिन्याला एक खेळ चालायचा. भिंतीवरचा तिसावा ठिपका ओलांडला की सासूबाईंचा आवाज बदलायचा. "वाकू नको. घागर पाणकीला उचलू दे." सकाळी साय घातलेलं दूध मिळायचं. दुपारी जरा आडवं होऊ द्यायच्या. पाच-सहा दिवस मी घरातली लाडकी सून. मला ठाऊक असायचं की हे खरं नाही, मागच्या महिन्यातही असंच झालं होतं. तरी दर महिन्याला वाटायचंच, ह्या वेळी असेल. मग छत्तिसाव्या दिवशी मी मान खाली घालून मागच्या दारी जाऊन बसले की सासूबाई ओल्या फडक्यानं ठिपके पुसायच्या आणि मला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणायच्या, "खाल्लं. ह्या बी खेपंला खाल्लं हिनं."

असं एकदा नाही, सात वर्षं.

त्या सात वर्षांत माझ्यावर काय काय उपाय झाले ते सगळे सांगत बसत नाही. चारठाण्याच्या जुन्या देवळांना ओल्या लुगड्यानं अनवाणी प्रदक्षिणा घातल्या. दगड इतका तापलेला असायचा की तळव्यांना फोड यायचे. वैदूची मुळी उगाळून प्याले, त्यानं पोटात आग पडायची. मधल्या दिवसांत कधी कधी माझ्या अंगावरून बुळबुळीत पाण्यासारखं जायचं. ते एकदा लुगड्याला दिसलं तर सासूबाईंनी ठरवलं की हीच धुपणी, ह्यानंच गर्भ टिकत नाही. त्यावर एक वेगळा काढा सुरू झाला, कडूजहर. तो मी दर महिन्याला नाक दाबून प्यायचे. माझ्या मनात तेव्हा एवढंच असायचं की आपल्या आत काहीतरी नासलेलं आहे आणि हा काढा ते धुऊन काढतोय.

परभणीच्या सरकारी दवाखान्यात दाखवावं असं मामंजी एकदाच म्हणाले. सासूबाई म्हणाल्या, "तिथं मर्द डाक्टर हाय. आपल्या घरची इज्जत काय वाटेवर पडली का?" मामंजींनी पानाला चुना लावला आणि विषय संपला.

आठव्या वर्षी पेडगावची मुलगी पाहिली. गरीब घरची, सोळा वर्षांची. मला कुणी विचारलं नाही. सांगितलं तेवढं. वरात दारात आली तेव्हा तिच्यावरून भाकरतुकडा ओवाळायला मलाच पुढं केलं. मला तिचा राग यायला हवा होता, पण ती इतकी घाबरलेली होती की राग धरायला जागाच सापडेना. आत आल्यावर हळूच म्हणाली, "आक्का, मला इथलं काईच मालूम न्हाई. तुमी सांगचाल तसं करीन मी."

दारामागच्या भिंतीवर आता तिचेही ठिपके. तिचं अंग अठ्ठाविसाव्याला बरोबर. तिसऱ्या महिन्यात तिचे ठिपके चाळिसावर गेले आणि पुसायची वेळच आली नाही.

मुलगा झाला. बारशाच्या दिवशी सासूबाईंनी मला सकाळीच सांगितलं, "तू आज शेतावर जा. वांझेची सावली पाळण्यावर नको." मी गेले. संध्याकाळी परत आले तेव्हा घुगऱ्या संपल्या होत्या. सवतीनं लुगड्याच्या ओच्यात मूठभर झाकून ठेवल्या होत्या, त्या तिनं मला दिल्या.

त्यानंतर माझे दिवस मोजणं बंद झालं. माझी पेटी जवारीच्या कणग्या असलेल्या खोलीत गेली. मधली खोली कायमची सवतीची झाली. मालक माझ्यासमोरून जायचे तेव्हा जरा अंग चोरून जायचे, वाटेत कुणाची तरी उधळलेली म्हैस उभी असावी तसे. मी तेवीस-चोवीस वर्षांची होते.

पुढच्या उन्हाळ्यात आमच्या रानात मेंढरं बसवली. रान मोकळं झालं की धनगरांचे कळप शेतात राहायचे, लेंड्यांचं खत व्हायचं. ह्या खेपेला आलेला कळप दीड महिना आमच्याच शिवारात फिरत होता. त्यात एक धनगरीण मावशी होती. पन्नाशीची असेल, सात लेकरांची आई. मला घरात काही काम उरलेलं नव्हतं म्हणून मी दिवस दिवस शेतातच असायचे. दुपारी ती बाभळीखाली बसली की मीही तिच्याजवळ जाऊन बसायचे. ती लोकर कातत बसायची.

एक दिवस तिनं सरळच विचारलं, "बाई, तुमाला लेकरू न्हाई म्हणं?"

"न्हाई, मावशे."

"इटाळ येतो का?"

"येतो. पण उशिरा. छत्तीस-सदतीस दिसानं."

"मंग मालक कवा जवळ यायचे?"

इतक्या वर्षांत हे मला कुणी विचारलं नव्हतं. सगळे मला सांगतच आले होते. मी तिला सोळा दिवसांचं सगळं सांगितलं. ठिपके, सम-विषम, आखाडा. ती आधी हसली. मग माझ्या तोंडाकडं बघून हसणं थांबवलं.

"आन् सतराव्याला काय व्हतं म्हणं?"

"फूल मिटतं."

"कुनाचं? तुजं फूल हाय का जोश्याचं?" तिचं अहोजाहो तिथंच गळून पडलं. तिनं चाती खाली ठेवली. "बाई, आमी मेंढराचं पंचांग बघत न्हाई. मेंढी बघतो. एक मेंढी ह्या आठवड्याला माजावर येती, दुसरी त्या आठवड्याला. आली की मेंढ्याकडं जाती, शेपूट हलवती, मागनं वली दिसती. तवाच फळती. बाकीच्या दिसांत मेंढा कितीबी फिरला तरी काय उपेग? बाईला शेपूट न्हाई, पर अंग तर हाय का न्हाई?"

मला काही कळेना. ती म्हणाली, "जवस पाण्यात भिजवलं की कसं सुटतं? बोटानं उचललं की तार धरतं. तसं कवा दिसतं का अंगावर? दह्यावानी घट्ट न्हाई. पाण्यावानी, नितळ, तार धरणारं."

माझ्या हातातलं बाभळीचं काटकं मोडलं ते मला आठवतं. "दिसतं," मी म्हणाले. "दिसतं की. त्यावर तर काढा देतात मला."

मावशी माझ्याकडं बघत राहिली. मग म्हणाली, "काढा? आगं माय, तेच तर तुजं शेत वलं व्हायलंय. तेच कोरडं करायला बसल्या का त्या?"

मग तिनं नीट सांगितलं. ते नितळ दिसायला लागलं की ते तीन-चार दिवस. ताणलं जाईल तितकं चांगलं. मग आटलं, घट्ट झालं की संपलं, पुढच्या खेपेची वाट बघायची. दिवस कितवा ते विचारायचं नाही, अंगाला विचारायचं. तिनं तिच्या दोन्ही लेकींना असंच सांगितलं होतं आणि तिच्या आईनं तिला.

त्या महिन्यात मी बघत राहिले. भिंतीवर काही काढलं नाही, मनात ठेवलं. सोळा झाले, काही नाही. अठरा, एकोणीस, जरासं ओलं. विसाव्या दिवशी नितळ दिसलं. एकविसाव्याला आणि बाविसाव्याला बोटाला तार धरली. चोविसाव्याला सगळं कोरडं. बाविसाव्यापासून चौदाव्या दिवशी मी बाहेर बसले.

पुढं कैक वर्षांनी माझ्या लेकीच्या बाळंतपणाला परभणीत एक डॉक्टरीणबाई भेटल्या. त्यांना मी हे सांगितलं तर त्यांनी कागदावर रेघ ओढून दाखवली. म्हणाल्या, बीज सुटतं ते पुढची पाळी यायच्या साधारण चौदा दिवस आधी, मागच्या पाळीपासून मोजून नाही. अठ्ठाविसाची बाई असेल तर चौदाव्याच्या आसपास, छत्तिसाची असेल तर बाविसाव्याच्या. पाळी मागंपुढं होते म्हणून नेमका दिवस कुणालाच सांगता येत नाही, आणि नितळ पाणी हीच त्याची खूण. बाई चांगल्या होत्या. पण त्या बोलत असताना मला त्यांच्या कागदाकडं बघवेना.

कारण हे मला त्या उन्हाळ्यातच कळलेलं होतं. सात वर्षं दर महिन्याच्या बाविसाव्या दिवशी माझे मालक आखाड्यावर झोपत होते आणि मी घरात काढा पीत होते. ज्या दिवशी हे नीट ध्यानात आलं त्या दिवशी मी विहिरीच्या काठावर बसून होते. रडू आलं नाही. उठून घरी जावं आणि त्या दारामागच्या भिंतीला डोकं आपटावं असं वाटलं. सासूबाईंचंही, जोशीबुवांचंही, आणि माझंही. माझं जास्त. स्वतःच्या अंगाची खूण सात वर्षं मी लाजेनं धुऊन टाकत होते.

मग मी ठरवलं. मालकांना दुपारची भाकर शेतावर जायची. ती बहुतेक पाणकी नेऊन द्यायची. मी म्हणाले, मी नेत जाईन. सासूबाईंना काय, त्या म्हणाल्या, "जा की. तेवढं तरी कर." पण मी रोज नेली नाही. छत्तीस दिवसांतले तीनच दिवस नेली.

पहिल्या खेपेला, जेठात, आखाड्यावरच्या झोपडीत भाकरी सोडली आणि पाठमोरी उभी राहून मालकांना सगळं सांगितलं. धनगरीण मावशीचं, जवसाचं, बाविसाव्या दिवसाचं. ते घास हातात धरून ऐकत राहिले. त्यांचे कान लाल झाले.

"असलं बाईमाणसानं बोलू ने," ते म्हणाले.

"मंग कुनी बोलावं? आत्याबाईंनी?"

"दिवसाढवळ्या? आन् आईनं..."

"तुमी गाईचं ओळखता. माजं मी ओळखलंय. एवढंच सांगायला आलेय."

मग त्यांनी हात धुतले. मला आठवतं की त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. इतक्या वर्षांत आम्ही सासूबाईंच्या हिशेबाबाहेर एकमेकांसमोर पहिल्यांदा उभे होतो. ती दुपार मी विसरलेले नाही. नंतर जे झालं त्यामुळं ती दुपारसुद्धा नासली, हे मला सगळ्यात जास्त लागतं.

जेठात काही झालं नाही. आखाड महिन्यात तेच तीन दिवस पाऊस लागून राहिला आणि ओढा भरला, मला जाताच आलं नाही. तिसऱ्या खेपेला, श्रावण संपता संपता, सवत भाकरी बांधत होती. तिचं लेकरू गोवरातनं नुकतंच उठलं होतं, किरकिर करत कडेवर होतं. तिनं गठुडं माझ्या हातात दिलं आणि खालच्या आवाजात विचारलं, "आक्का, तुमी तीनच दिस कामून जाता?"

मी पदर खोचू लागले. तिनं माझ्याकडं बघितलं. मूर्ख नव्हती ती. म्हणाली, "जावा. मी काई बोलणार न्हाई." आणि गठुड्यात कांद्याबरोबर गुळाचा खडा घातला.

खुरपणीच्या बाया दूर लिंबाखाली भाकरी खायला बसल्या होत्या. मी आखाड्यावर गेले. त्या खेपेला मालक माझ्याकडं बघत नव्हते. काहीतरी सांगायचं आहे आणि सांगत नाहीत असं वाटलं. पण त्यांनी मला परतही पाठवलं नाही.

भादव्यात मी बाहेर बसले नाही. छत्तीस गेले, सदतीस गेले, पन्नास गेले. सकाळी चुलीचा धूर नाकात गेला की उमळून यायचं. मालकांना आधी सांगितलं, गोठ्याच्या दारात. त्यांनी खुंटीवरचं दावं हातात घेतलं, सोडलं, परत घेतलं. "आईला इतक्यात सांगू नको," एवढंच म्हणाले. मी समजले, गर्भ टिकेपर्यंत दृष्ट नको म्हणून म्हणत असतील. इतकी मी भोळी होते.

दसऱ्याच्या आदल्या दिवशी सासूबाईंनी मला ओसरीवर बोलावलं. मामंजी होते, मालक होते, सवत लेकरू घेऊन दाराशी उभी होती. सासूबाई म्हणाल्या, "दोन म्हैने झाले तू बाहेर बसली न्हाईस. कामून?"

मी म्हणाले, "दिवस गेलेत, आत्याबाई."

एवढी वर्षं ज्या शब्दांसाठी त्यांनी माझा जीव खाल्ला ते शब्द मी त्यांना दिले. त्यांचा चेहरा उजळला नाही. त्या म्हणाल्या, "कुनाचे?"

मला आधी प्रश्नच कळला नाही. मी मालकांकडं बघितलं. ते ओसरीच्या खांबाकडं बघत होते.

"वरीस झालं तुज्या खोलीत कुनी पाय ठिवला न्हाई," सासूबाई म्हणाल्या. "सात साल माज्या लेकाबरुबर निजून तुला काई झालं न्हाई. आन् आता कणगीच्या खोलीत एकली निजून झालं? दीड म्हैना धनगराच्या कळपात जाऊन बसत व्हतीस. मला काय दिसत न्हाई का?"

मी म्हणाले, "ह्यांना विचारा."

मामंजींनी पानाचा डबा उघडला आणि परत बंद केला. मालक खांबाकडंच बघत राहिले. तेव्हा दाराशी उभी असलेली सवत बोलली. "आत्याबाई, आक्काचं खरं हाय. त्या भाकर घेऊन आखाड्यावर जायच्या. मी बांधून द्यायचे. मला मालूम हाय."

सासूबाई तिच्याकडं वळल्या. अगदी हळू आवाजात म्हणाल्या, "सूनबाई, बोलायच्या आदी नीट इचार कर. तुज्या लेकराला गोवर निघाला तवा जोशीबुवा काय म्हणले? थोरलीची सावली हाय. तवा तुज्या नवऱ्यानं ह्या लेकराच्या डोक्यावर हात ठेवून शपथ घेतली की तिला शिवणार न्हाई. माज्यासमोर घेतली. तू बी व्हतीस. आता तू म्हणतीस त्येनं ती मोडली. मोडली असंल तर ह्या लेकराचं काय व्हईल, सांग?"

मला ही शपथ ठाऊकच नव्हती. गोवर आखाडात निघाला होता, म्हणजे पावसानं मी जाऊ शकले नव्हते त्याच दिवसांत, ती घेतली गेली होती. आणि ती घेऊनही श्रावणात त्यांनी मला परत पाठवलं नव्हतं. शपथ त्यांनी मोडली होती. भोगायची मात्र मला होती.

सवतीचं तोंड पांढरं पडलं. तिनं लेकराचं डोकं पदरानं झाकलं. एकदा माझ्याकडं बघितलं, एकदा मालकांकडं. मग लेकरू छातीशी धरून आत निघून गेली. मी तिला दोष देत नाही. तिच्या जागी मीही गेले असते. पण तिची पाठ मला अजून दिसते.

"बोला ना," मी मालकांना म्हणाले. सगळ्यांसमोर नवऱ्याशी मी पहिल्यांदा बोलले. "व्हय म्हणा न्हाईतर न्हाई म्हणा."

त्यांनी दोन्ही म्हटलं नाही. उठून गोठ्याकडं गेले. बैलांना पाणी दाखवायची वेळ झाली होती.

दसऱ्यानंतर भाऊ बैलगाडी घेऊन आला. माझं माहेर जिंतूरच्या वरच्या अंगाला, वीस-पंचवीस घरांचं गाव. वडील नव्हते. भाऊ वाटभर बैलांनाच हाकत राहिला. घरी पोचल्यावर त्यानं आईला एवढंच सांगितलं, "हिचं मी बघतो. कुनी काई इचारू ने." भावजयीनं तोंड वाकडं केलं, पण अंथरूण घातलं. गावातल्या बायका यायच्या, माझ्या पोटाकडं बघायच्या आणि आईशी पावसापाण्याचं बोलून जायच्या.

वैशाखात मुलगी झाली. सुईणीनं तिला माझ्या कुशीत दिली तेव्हा मी तिचा चेहरा बघितला आणि हसू आलं. खालचा ओठ, कानाची पाळी, हनुवटीची खळी, सगळं मालकांचं. एवढी साक्ष त्या घरात कुणी दिली नसती. वालूरला निरोप गेला. उत्तर आलं नाही.

पुढची दोन वर्षं मुलुखाला वाईट गेली. रझाकारांच्या धास्तीनं लोक पोरीबाळी घेऊन रानात जायचे, काही जण सरहद्दीपलीकडं गेले. आम्ही तिथंच राहिलो. मी भावाच्या शेतात खुरपायला जायचे, लेक बांधावर खेळायची. ती बोलायला लागली, चालायला लागली, भांडायला लागली.

निजामाचं राज्य गेलं त्या सालच्या थंडीत, सकाळच्या पारी, मालक आले. बैलगाडी ओढ्याजवळ सोडून पायी आले. मी अंगणात तुरी पाखडत होते. ते बारीक झाले होते, कानाजवळ पांढरे केस. ओट्याच्या कडेला बसले. आईनं पाणी दिलं.

"वाट नीट नव्हती," ते म्हणाले. "धामधूम व्हती. न्हाईतर आलो असतो."

भाऊ म्हणाला, "बैलबाजाराला तर दर साली जायचात म्हणं. ती वाट नीट व्हती?"

त्यांनी पाण्याचा तांब्या खाली ठेवला. मग मला म्हणाले, "चल. घेऊन जायला आलोय. आई आता थकलीय. काई म्हणायची न्हाई."

मी सूप खाली ठेवलं. इतक्या वर्षांत मनात किती बोलणी तयार केली होती, त्यातलं एकही आठवलं नाही. मी म्हणाले, "येते. पण आदी तुमी ओसरीवर चौघांसमोर सांगा. आत्याबाई, मामंजी, ती, आन् शेजारपाजार. हे लेकरू माजं हाय, म्हणून. त्या दिवशी सांगायचं व्हतं तेवढंच. दुसरं काई न्हाई."

ते जमिनीकडं बघत राहिले. बोटानं मातीत रेघ ओढली. "ते पोरगं आता चार-पाच सालाचं झालंय. एकुलतं एक हाय. पुन्यांदा काई झालं तर आई म्हणल..." आणि थांबले. "सांगायची काय गरज हाय? चल की गुमान. सगळे समजतेत."

"समजत असते तर तुमी मला तीन साल इथं ठेवलं नसतं."

"तू लय कडू झालीस," ते म्हणाले.

"व्हय," मी म्हणाले. "झाले."

लेक आईच्या मागं उभी राहून त्यांच्याकडं बघत होती. त्यांनीही तिच्याकडं बघितलं, आणि मला दिसलं की त्यांना कळलं. आरशात बघावं तसं. त्यांनी हात पुढं केला. ती आली नाही. त्यांनी उपरण्यातनं एक पुडकं काढून ओट्यावर ठेवलं, उठले, आणि ओढ्याकडं चालायला लागले. मी हाक मारली नाही. त्यांनी एकदा जरी मागं वळून "व्हय, सांगतो" म्हटलं असतं तर मी तशीच, तुरीच्या धुळीनं भरलेल्या लुगड्यानं, निघाले असते. हे मी कुणाला कधी सांगितलं नाही.

"माय, कोन व्हते ते?" लेकीनं विचारलं.

"वालूरचे पाव्हणे."

तिनं पुडकं सोडलं. आत लाल कापडाचं टोपडं होतं, जरीची किनार लावलेलं, पाळण्यातल्या तान्ह्याला घालतात तसलं. अडीच वर्षांच्या लेकीनं ते डोक्यावर ओढून बघितलं, ते तिच्या अर्ध्या डोक्यावरही बसेना. मग तिनं ते बाहुलीला घातलं.